अंधाऱ्या खोलीतलं इन्स्टॉलेशन बघायचं कसं

डिसेंबरात पणजीत सेरेंडिपिटी हा कलांचा फेस्टिवल असतो तेव्हा जुन्या जीएमसीच्या (गोवा मेडिकल कॉलेजच्या) इमारतीत एखाद्या इन्स्टॉलेशनच्या, म्हणजे अख्खी खोलीच कलाकृती म्हणून मांडलेली असते तिच्या, अंधाऱ्या खोलीबाहेर थोडा वेळ उभे राहा, कोकणीत, मराठीत, हिंदीत एकच वाक्य ऐकू येतं, "काय कळलं नाय बाबा". काळा पडदा बाजूला करून लोक आत जातात, समोर काहीतरी हलतंय, भिंतीवर सावल्या आहेत, कुठूनतरी आवाज येतोय, मिनिटभर थांबतात आणि बाहेर. यात त्यांची काही चूक नाही. शाळेत आपल्याला साधं चित्र कसं बघायचं ते कोणी शिकवलं नाही, मग हे कुठून शिकवणार. पण मला वाईट याचं वाटतं की तो माणूस बाहेर पडतो तेव्हा त्याच्या डोळ्यांनी अजून कामाला नीट सुरुवातसुद्धा केलेली नसते.

हे मी उगाच म्हणत नाहीये, डोळ्याचं कामच तसं आहे. बाहेरच्या उन्हातून अंधारात शिरल्यावर डोळा दोन टप्प्यांत जुळवून घेतो. रंग ओळखणाऱ्या पेशींना साधारण आठ-दहा मिनिटं लागतात, आणि मंद उजेडात बघणाऱ्या पेशी पूर्ण जाग्या व्हायला वीस ते तीस मिनिटं जातात. म्हणजे पहिल्या मिनिटाला जी खोली "रिकामी" वाटते ती दहाव्या मिनिटाला रिकामी नसते, खोलीत काहीच बदललेलं नसतं, बदललेले असता तुम्ही. आणि फिल्म, प्रोजेक्टर, आरसे, सावल्या वापरून काम करणाऱ्या पुष्कळ कलाकारांना नेमकं हेच हवं असतं. दगड हे मूर्तिकाराचं सामान, तसं तुमचं बघणं हे त्यांचं सामान आहे. म्हणून आत गेल्यावर "याचा अर्थ काय" हा प्रश्न जरा मागे ठेवायचा आणि पहिल्यांदा "इथे माझ्या डोळ्यांचं आणि अंगाचं काय चाललंय" हे बघायचं. मला एवढंच सांगायचंय, पण ते नीट पटायला थोडं मागे जावं लागेल.

आपल्याला वाटतं की डोळा म्हणजे कॅमेरा, समोरचं सगळं एकदम आत येतं. तसं अजिबात नाही. हात लांब करून अंगठ्याच्या नखाकडे बघा, जवळजवळ तेवढाच भाग तुम्हाला खरोखर स्पष्ट दिसत असतो, बाकी सगळं धूसर. डोळा सेकंदाला तीन-चार वेळा उडी मारत राहतो आणि त्या तुकड्यांतून मेंदू अख्खं चित्र उभं करतो, आणि प्रत्येक उडीच्या वेळी मेंदू बघणं जवळजवळ बंद ठेवतो, ते आपल्याला जाणवतसुद्धा नाही. खात्री करायची तर आरशासमोर उभे राहून आधी स्वतःच्या डाव्या डोळ्याकडे बघा, मग उजव्याकडे, परत डाव्याकडे. डोळे हललेले तुम्हाला कधीच दिसणार नाहीत, बाजूला उभ्या असलेल्या माणसाला मात्र स्पष्ट दिसतील.

अजून एक करून बघा. पांढऱ्या कागदावर डावीकडे एक फुली काढा आणि तिच्यापासून आठ सेंटीमीटर उजवीकडे एक ठसठशीत काळा ठिपका. डावा डोळा मिटा, उजव्याने फुलीकडेच बघत राहा आणि कागद हळूहळू जवळ आणा. साधारण ३० सेंटीमीटरच्या आसपास ठिपका गायब होतो. डोळ्यातून मेंदूकडे जाणारी नस जिथून बाहेर पडते तिथे उजेड टिपणाऱ्या पेशीच नाहीत म्हणून हे होतं, फ्रेंच शास्त्रज्ञ मारिओतने हे १६६० च्या दशकात दाखवून दिलं. पण ठिपका जातो हे मला तेवढं आश्चर्याचं वाटत नाही, तिथे भोक दिसत नाही हे वाटतं! मेंदू आजूबाजूचा पांढरा कागद घेतो आणि ती जागा भरून टाकतो, तुम्हाला न विचारता. हेल्महोल्ट्झ नावाच्या जर्मन शास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकातच म्हणून ठेवलं होतं की बघणं म्हणजे नकळत बांधलेला अंदाज असतो. आपण दिवसभर या अंदाजांतच वावरतो, आणि बहुतेक वेळा ते बरोबर निघतात म्हणून संशय येत नाही.

आता सिनेमा. सिनेमा या अंदाजावरच उभा आहे. सेकंदाला २४ स्थिर फोटो, बस, हलणारं काही नाहीच. जुन्या फिल्म प्रोजेक्टरमध्ये एक फोटो सरकून दुसरा येईपर्यंत शटरने उजेड अडवला जायचा, आणि चित्र थरथरू नये म्हणून एकेक फ्रेम दोनदा किंवा तीनदा झळकवायचे, म्हणजे सेकंदाला ४८ किंवा ७२ झळका. याचा अर्थ असा की तुम्ही थिएटरात तीन तास बसलात तर त्यातला बराच मोठा वेळ पडदा चक्क काळा होता आणि तुम्हाला ते एकदाही कळलं नाही. (आताच्या डिजिटल प्रोजेक्टरमध्ये ही काळी फट नसते, पण वेगवेगळ्या स्थिर चित्रांतून हालचाल तयार होते हे तसंच आहे.) बऱ्याच जुन्या पुस्तकांत लिहिलेलं असतं की डोळ्यावर आधीचं चित्र टिकून राहतं म्हणून सिनेमा हलताना दिसतो, ते अपुरं आहे. चित्रं नुसती टिकून राहिली असती तर एकावर एक साचून गिचमिड झाली असती. माक्स वर्टहायमर या मानसशास्त्रज्ञाने १९१२ मध्ये दाखवलं की दोन ठिकाणच्या दोन रेषा ठराविक अंतराने दाखवल्या तर माणसाला त्यांच्यामध्ये हालचाल दिसते, जी तिथे नव्हतीच. म्हणजे हालचाल मेंदू बनवतो.

आणि नुसती हालचालच नाही, अर्थसुद्धा. रशियात कुलेशोव नावाच्या दिग्दर्शकाने शंभरेक वर्षांपूर्वी एका नटाचा एकच निर्विकार चेहरा वेगवेगळ्या दृश्यांना जोडला, कधी सूपची वाटी, कधी शवपेटी, आणि लोकांना तोच चेहरा कधी भुकेला वाटला कधी दुःखी. आपल्याकडे हे रोज होतं. कुठल्यातरी जुन्या पुराची क्लिप "आत्ता आमच्याकडे" असं लिहून व्हॉट्सअ‍ॅपवर फिरते आणि आपण लगेच नातेवाइकांना फोन करतो. क्लिप खरी असते, जोडणी खोटी असते.

डग्लस गॉर्डन या स्कॉटिश कलाकाराने १९९३ मध्ये एक गोष्ट केली, वरवर फार साधी. हिचकॉकचा 'सायको' घेतला आणि इतका स्लो केला की तो चोवीस तास चालतो, सेकंदाला फक्त दोनेक फ्रेम्स. खोलीच्या मध्ये स्क्रीन टांगलेली, मागून पुढून कुठूनही बघा. स्टोरी सगळ्यांना माहीत, तरी कोणी ती बघूच शकत नाही कारण वेग एवढा कमी झाला की मेंदूचं जोडकाम तुटतं. हात वर जातो आणि तो कशासाठी वर गेला हे कळायला मिनिटं लागतात. तुम्ही पुढचं आठवून आठवून मधलं भरत राहता. थिएटरात जे काम मेंदू गुपचूप करतो ते इथे उघड्यावर येतं.

मला वाटतं सिनेमागृह आणि इन्स्टॉलेशन यातला खरा फरक इथेच आहे. पणजीत तो अगदी चार पावलांवर बघायला मिळतो. इफ्फी हा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव २००४ मध्ये गोव्यात आला, तेव्हापासून नोव्हेंबरात आपण आयनॉक्समध्ये खुर्चीत बसून सिनेमे बघतो, आणि २०१६ पासून डिसेंबरात शेजारच्याच जुन्या जीएमसीत उभे राहून, फिरून, खाली बसून इन्स्टॉलेशन बघतो. थिएटरात तुमचं अंग विसरायला लावतात, म्हणून खुर्ची मऊ, म्हणून सगळे एकाच दिशेला. इन्स्टॉलेशनमध्ये तुमचं अंगच कामात ओढलेलं असतं, कुठे उभे राहता त्यावर काय दिसतं ते ठरतं.

यातलं माझं सगळ्यात आवडतं उदाहरण अँथनी मकॉलचं, १९७३ चं 'लाइन डिस्क्रायबिंग अ कोन'. सोळा मिलीमीटरची फिल्म, तीस मिनिटांची. फिल्ममध्ये आहे काय, तर काळ्या पार्श्वभूमीवर एक पांढरा ठिपका, तो हळूहळू सरकत रेष होतो, आणि अर्ध्या तासाने ती रेष पूर्ण वर्तुळ होते. भिंतीकडे बघत बसलात तर एवढंच, कंटाळा येईल. पण खोलीत खुर्च्या नाहीत आणि हवेत धूर आहे, आणि प्रोजेक्टरपासून भिंतीपर्यंत जो उजेड जातो तो त्या धुरात दिसतो, आधी एक बारीक काठी, मग वळत जाणारा पडदा, आणि शेवटी अख्खा पोकळ शंकू, ज्याच्या आत तुम्ही शिरू शकता. लोक भिंतीकडे पाठ करून प्रोजेक्टरकडे बघायला लागतात! हात घालतात, खाली झोपून वर बघतात. जत्रेतल्या तंबूत ज्यांनी सिनेमा बघितलाय त्यांना विड्यांच्या धुरात डोक्यावरून जाणारा तो उजेडाचा झोत आठवत असेल, आपण सगळे त्याच्याकडे दुर्लक्ष करून पडद्याकडे बघायचो, मकॉलने तो झोतच सिनेमा केला. नंतर ही फिल्म म्युझियममध्ये दाखवायची वेळ आली तेव्हा पंचाईत झाली, तिथली हवा स्वच्छ, सिगरेट नाही, धूळ नाही, म्हणजे शंकूच नाही. मग धुकं सोडणारं मशीन आणायला लागलं. मी यावर खूप विचार केलाय, की ते काम नक्की कुठे आहे, फिल्मच्या रिळावर तर फक्त रेष आहे, आणि शंकूला हात लावायला गेलं तर हाताला काही लागत नाही, तरी लोक त्याच्या कडेला येऊन थबकतात, भिंत असल्यासारखे.

ब्रूस नाउमनने १९७० मध्ये जेमतेम अर्धा मीटर रुंद असा लांब बोळ बांधला आणि टोकाला दोन टीव्ही ठेवले. एकावर रिकाम्या बोळाचं आधी रेकॉर्ड केलेलं चित्र, दुसऱ्यावर तुम्ही, पण कॅमेरा तुमच्या मागे, दाराच्या वर. म्हणजे टीव्हीच्या जेवढे जवळ जाल तेवढे तुम्ही त्यात लहान होत जाता, पाठमोरे. अंगाला माहीत असतं आपण जवळ चाललोय, डोळा सांगतो लांब चाललोय, आणि त्या दोघांचं जमत नाही, पोटात विचित्र वाटतं. डॅन ग्रॅहमने १९७४ मध्ये वेळेचा खेळ केला. खोलीत आरसे, एक कॅमेरा आणि एक टीव्ही, टीव्हीवर तुम्ही दिसता पण आठ सेकंद उशिरा. आरशात आत्ताचे तुम्ही, टीव्हीत आठ सेकंदांपूर्वीचे, आणि कॅमेरा आरशात दिसणारा टीव्हीसुद्धा टिपतो म्हणून त्याच्या आत सोळा सेकंदांपूर्वीचे, त्याच्या आत चोवीस. आपण "आत्ता" म्हणतो ते केवढं असतं हे इथे अंगाने कळतं.

हे सगळं परदेशातलंच आहे असं नाही. मुंबईत चित्रकार अकबर पदमसींनी १९६९ च्या सुमारास एक वर्कशॉप सुरू केलं होतं, त्यात चित्रकार, फोटोग्राफर, फिल्मवाले एकत्र काम करायचे, आणि तिथे नलिनी मलानी यांनी अगदी तरुण वयात फिल्मचे प्रयोग केले. पुढे त्यांनी जे छायाखेळ केले ते मिळाले तर नक्की बघा. पारदर्शक मायलरचे (हे एक प्रकारचं प्लॅस्टिक) मोठे सिलेंडर, त्यावर आतल्या बाजूने रंगवलेली चित्रं (काचेच्या मागून रंगवायची आपली जुनी पद्धत, तीच), ते सिलेंडर छताला टांगलेले आणि हळूहळू फिरतायत, त्यांच्यातून प्रोजेक्टरचा उजेड जातो. २०१२ मध्ये जर्मनीत कासेलला दाखवलेल्या त्यांच्या एका कामात असे पाच सिलेंडर आणि सहा व्हिडिओ होते, नाव उर्दू कवी फैज यांच्या कवितेवरून. भिंतीवर व्हिडिओ, त्यावर रंगीत सावल्या, त्यावर तुमची स्वतःची सावली, कारण उजेडाच्या वाटेत तुम्ही उभे असताच. फाळणी, बाईवरची हिंसा असे विषय चाललेत आणि त्यावर तुमचं डोकं आणि खांदे काळे उमटलेत, मी फक्त बघायला आलो होतो असं म्हणायची सोय राहत नाही. आणि सगळीकडे एकदम बघता येत नाही हेही आलंच. १९९९ मध्ये अमेरिकेत सायमन्स आणि शाब्री या मानसशास्त्रज्ञांनी लोकांना बॉलचे पास मोजायला लावले तेव्हा मधून चालत गेलेला गोरिलाच्या वेशातला माणूस जवळपास निम्म्यांना दिसलाच नाही. चार भिंतींवर चार गोष्टी चालू असताना काय सुटलं हे प्रत्येकाचं वेगळं असणार. रणबीर कालेका यांची पद्धत निराळी, ते कॅनव्हासवर रंगवलेल्या चित्रावर व्हिडिओ सोडतात, दोन्ही बरोबर जुळतात तेव्हा चित्रातला माणूस श्वास घेतल्यासारखा वाटतो आणि मग व्हिडिओतला माणूस जरा हलतो आणि रंगवलेला तिथेच राहतो.

अमर कंवर यांच्याबद्दल जरा जास्त सांगतो, कारण ते आपल्या जवळचं आहे. ओडिशातल्या जमिनी, खाणी, प्रकल्प यांवर त्यांनी बरीच वर्षं काम केलं आणि त्यातून 'द सॉव्हरिन फॉरेस्ट' हे मोठं इन्स्टॉलेशन झालं. त्यात हाताने बनवलेल्या कागदाची मोठी पुस्तकं आहेत ज्यांच्या पानांवर व्हिडिओ पडतो, पानं तुम्ही उलटायची, आणि भाताच्या गावठी जातींचं बियाणं आहे, पुरावा म्हणून मांडलेलं. सोबत ४२ मिनिटांची फिल्म आहे, त्यात गवत, पाणी, वाटा, झाडं, होड्या, फार काही "घडत" नाही. पण तुम्हाला सांगितलेलं असतं की यातला जवळजवळ प्रत्येक तुकडा कुठल्यातरी प्रकल्पासाठी संपादनाच्या यादीत आहे. एवढं कळल्यावर तेच गवत बघवत नाही. गोव्याच्या खाणपट्ट्यातल्या, डिचोली-सांगेच्या माणसाला हे समजावून सांगायला नको, ज्या डोंगराचं काय होणार हे माहीत असतं तो डोंगर वेगळाच दिसतो. डोळ्याला तेच दिसतंय, बघणारा बदललाय. आकडे आणि कोर्टाची कागदपत्रं जे सांगतात त्यापेक्षा इथे वेगळं काहीतरी कळतं आणि माझ्या मते तेही खरंच असतं.

आता कोणीतरी म्हणणार, म्हणजे शेवटी सगळं मायाच ना. दोरी आणि साप आपल्याला लहानपणापासून माहीत आहेत म्हणून ही उडी पटकन मारली जाते. पण मला ती फार घाईची वाटते. यातला कुठलाही कलाकार जग खोटं आहे असं म्हणत नाही. कंवरांच्या फिल्ममधली जमीन खरी आहे, तिच्यावर जगणारी माणसं खरी आहेत. यांना रस आहे तो दोरीचा साप नेमका कसा झाला यात, उजेड किती होता, कुठून बघत होतो, मनात आधी काय होतं, कोणी आधी ओरडून साप म्हणालं होतं का. हे कळलं की दोरी दोरीच राहते आणि आपण जास्त जागे होतो. हातातल्या फोनवर बनवलेले व्हिडिओ आणि खरे व्हिडिओ शेजारी शेजारी येतात अशा दिवसांत ही सवय मला चैनीची गोष्ट वाटत नाही.

गोव्याच्या माणसाला हे परकं वाटायचं खरं तर काही कारण नाही. वास्तुकार चार्ल्स कोरियांनी उभारलेल्या पणजीच्या कला अकादमीत ज्यांनी नाटकं बघितलीत त्यांना मोठ्या थिएटरातल्या बाजूच्या भिंती आठवत असतील, व्यंगचित्रकार मारिओ मिरांडांनी तिथे जुन्या नाट्यगृहासारखे सज्जे आणि त्यात बसलेले प्रेक्षक रंगवले. खऱ्या प्रेक्षकांच्या शेजारी रंगवलेले प्रेक्षक, आणि समोर स्टेजवर तिसरंच खोटं-खरं चाललेलं. आणि चवथीला गणपतीच्या डोक्यावर बांधतात ती माटोळी घ्या. लाकडी चौकटीला सुपारीचे घोस, नारळ, रानातली फळं, सगळं त्या एका खोलीसाठी त्या दिवसांपुरतं बांधलेलं, मान वर करून बघायचं, रोज थोडं सुकत जाणारं, नंतर सोडून टाकायचं. "माटोळीचा अर्थ काय" असं कोणी दारात उभं राहून विचारत नाही, आपण खाली उभे राहतो, वर बघतो, एकेक फळ ओळखतो, हे कुठून आणलं विचारतो. बघण्याची ही रीत आपल्याकडे आहेच, ती घेऊन जीएमसीत जायचं.

जायच्या वेळचं थोडं. एका दिवसात सगळं बघायचं नाही, दोन-तीन खोल्या पुरे. व्हिडिओ बहुतेक लूपवर असतो, मध्येच शिरलात तर घाबरू नका, ज्या दृश्यावर आलात ते परत येईपर्यंत थांबा. दाराजवळची पाटी आत जाऊन आल्यावर वाचा आणि मग परत आत जा, दुसऱ्यांदा काय बदललं ते लगेच कळतं. जागा बदला, कोपऱ्यातून बघा, उजेड कुठून येतोय ते शोधा. फोन खिशात, स्क्रीनच्या उजेडाने डोळ्याची सगळी मेहनत परत शून्यावर येते, तुमचीही आणि शेजारच्याचीही. आणि थांबून, बघून, तरी काम नाही आवडलं तर नाही आवडलं म्हणा, सगळीच कामं चांगली नसतात, काही नुसती अंधारी असतात.

आणि फेस्टिवलची वाट बघायची नसेल तर घरीच एक खोली करता येते. हंपीला विरूपाक्ष मंदिरात एका खोलीच्या भिंतीवर समोरच्या गोपुराची उलटी प्रतिमा पडते, तुमच्यापैकी बरेच जण बघून आले असतील, तेच तत्त्व. अकराव्या शतकात इब्न अल-हैथमने बारीक छिद्रातून येणाऱ्या उजेडाचा नीट अभ्यास केला होता, आणि झोई लिओनार्ड या कलाकाराने २०१४ मध्ये न्यूयॉर्कच्या व्हिटनी म्युझियममध्ये अख्खी खोली अशी करून ठेवली, खिडकी बंद, एक भिंग, आणि समोरचा रस्ता आत भिंतींवर, उलटा, चालू. घरी भिंग नको. जिच्यासमोरच्या झाडांवर, रस्त्यावर ऊन पडतं अशी खिडकी काळ्या कागदाने किंवा पुठ्ठ्याने पूर्ण बंद करा, फटींना चिकटपट्टी लावा, जुन्या शिंपल्यांच्या खिडक्या असतील तर त्यांतूनही उजेड गळतो, त्यावरही पुठ्ठा. मध्ये साधारण एक सेंटीमीटरचं गोल भोक पाडा. समोर पांढरी चादर ताणा, खिडकीपासून दीड-दोन मीटरवर, भिंत फार लांब असेल तर चित्र फिकं पडतं. आणि दहा मिनिटं नुसते बसा. माड खाली डोकं करून दिसतील, आकाश तळाशी, रस्त्यावरून एका दिशेने गेलेली स्कूटर चादरीवर बरोबर उलट दिशेने जाईल, सगळं रंगीत आणि एकही फ्रेम नसलेलं. आपल्या डोळ्याच्या आत पडद्यावर पडणारं चित्रही असंच उलटं असतं. भोक लहान केलंत तर चित्र रेखीव होतं पण उजेड कमी होतो, मोठं केलंत तर उलट, दोन-तीन मापांचे पुठ्ठे कापून ठेवा म्हणजे मुलांना बदलून बदलून बघता येईल. पावसाळ्यात करू नका, ढगांत तेवढा उजेड पुरत नाही, ऑक्टोबरनंतरचं सकाळी दहा-अकराचं ऊन सगळ्यात चांगलं, फक्त सूर्य त्या खिडकीच्या समोर नसावा, घराच्या पाठीमागे असावा.